छप्पन्नचे साल : प्रलयानंतरचे वऱ्हाड

१/
जग बुडाल्यानंतर माणूस कसा जगतो, या प्रश्नावर व्हिडिओ गेमची एक अख्खी शाखा उभी आहे. शहरे ओसाड पडलेली असतात, राज्यव्यवस्था कोसळलेली असते आणि विस्तीर्ण, मोकळ्या नकाशावर खेळाडू एकटाच हिंडत असतो. त्याला पाणी शोधायचे असते, अन्न साठवायचे असते आणि रात्रीपुरता आसरा गाठायचा असतो. १९९७ साली आलेल्या ‘फॉलआउट’मध्ये नायकाची पहिली कामगिरीच आपल्या भूमिगत वसाहतीच्या पाणीयंत्रणेसाठी एक सुटा भाग शोधून आणण्याची आहे. कल्पनेतल्या या जगाचे जवळचे ऐतिहासिक उदाहरण मराठी वाचकाला दूर शोधावे लागत नाही. ते अमरावती आणि अकोल्याच्या काळ्या मातीत आहे.

२/
काळ १८९९-१९००, म्हणजे विक्रम संवत १९५६. राजस्थान-गुजरातेत हा दुष्काळ ‘छपनिया’ म्हणून आणि आपल्याकडे ‘छप्पन्नचा दुष्काळ’ म्हणून ओळखला गेला. १८९१ च्या जनगणनेत वऱ्हाडची लोकसंख्या २८,९७,४९१ होती. १९०१ मध्ये ती २७,५४,०१६ भरली. दहा वर्षांत वाढ होण्याऐवजी जवळजवळ दीड लाख माणसे कमी झाली. या दशकात कामाच्या शोधात बाहेरून माणसे वऱ्हाडात येतही होती, हे ध्यानात घेतले तर प्रत्यक्ष हानी या वजाबाकीपेक्षा मोठी ठरते. हा धागा त्या हानीविषयी आहे, आणि जे तगले ते कशामुळे तगले, याविषयीही.

३/
आधी नकाशा. वऱ्हाड कागदोपत्री निजामाचे होते. हैदराबादच्या तैनाती फौजेच्या थकबाकीपोटी १८५३ च्या तहाने ते इंग्रजांच्या कारभाराखाली गेले. १९०२ मध्ये वर्षाला २५ लाख रुपये ठरवून ते इंग्रजांना कायमच्या भाडेपट्ट्याने मिळाले. दुष्काळाच्या वेळी अमरावती, अकोला, एलिचपूर, बुलढाणा, वाशीम आणि वणी असे सहा जिल्हे होते. उत्तरेला मेळघाटाचे डोंगर, दक्षिणेला बालाघाटाचा चढ आणि मधोमध पूर्णेचे काळे, सपाट खोरे. जमीन अशी की एक वेळ आली तर तिच्यातून चांदी निघावी, अशी तिची ख्याती होती.

४/
या प्रदेशाचे पूर्वीचे जगणे ज्वारीवर उभे होते. ज्वारीची भाकर आणि तुरीची डाळ हे अन्न. कडबा हा गुरांचा चारा. एकाच शेतात कापूस, ज्वारी आणि तूर ओळीने पेरण्याची पद्धत होती, कारण एक पीक गेले तर दुसरे हाती लागावे. पावसाचा भरवसा नाही, हे गृहीत धरूनच ही व्यवस्था बसवलेली होती. तिचे सर्वांत भक्कम अंग मात्र जमिनीच्या वर दिसत नव्हते. ते होते पेव.

५/
पेव म्हणजे धान्य साठवण्याचा जमिनीखालील खड्डा. तोंड अरुंद, पोट मोठे. आतून शेणामातीने लिंपलेला किंवा कडब्या-भुशाचे अस्तर दिलेला. चांगल्या सुगीची ज्वारी त्यात भरून तोंड बंद करीत. आतली हवा कोंडली की कीड मरते आणि दाणा टिकतो. हीच कोंडलेली हवा माणसालाही मारक असते, म्हणून पेव उघडल्यावर लगेच आत उतरायचे नाही, हा नियम खेड्यातल्या पोरालाही ठाऊक असे. एखादी गोष्ट अचानक उदंड झाली की आपण ‘पेव फुटले’ म्हणतो. तो वाक्प्रचार या साठवणीतून आला आहे. सुगीचे साल दुष्काळाच्या सालाला जे देणे लागते, ते पेवात जमा होत असे.

६/
दुसरे अंग बलुत्याचे. सुतार, लोहार, चांभार, न्हावी, महार, परीट यांना त्यांच्या वर्षभराच्या कामाचा वाटा खळ्यावर धान्यात मिळे. या व्यवस्थेत जातीची उतरंड होती, अपमान होता, आणि वाट्याला येणारा दाणाही विषम होता. तिचे गोडवे गाण्याचे कारण नाही. तथापि एक गोष्ट तिच्यात होती. धान्याचा काही भाग बाजारात न जाता गावातच फिरत राही, आणि जमीन नसलेल्या घरातही खळ्यावरचा दाणा पोचे. पुढे जे तुटले त्यात हेही होते.

७/
१८६१ मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध सुरू झाले आणि मँचेस्टरच्या गिरण्यांना मिळणारा अमेरिकन कापूस आटला. गिरणीमालकांची नजर वऱ्हाडकडे वळली. वऱ्हाडी कापूस लिव्हरपूलच्या बाजारात ‘उमरा’ या नावाने विकला जात असे. उमरावती, म्हणजेच अमरावती, या नावाचा तो व्यापारी संक्षेप. ज्या गावाचे नाव इंग्लंडच्या सौद्यांत रोज उच्चारले जात होते, त्या गावाचे भाव आता इंग्लंडातच ठरू लागले. मध्यप्रांत आणि वऱ्हाडसाठी कापूस आयुक्ताचे स्वतंत्र पद निर्माण झाले आणि त्यावर हॅरी रिव्हेट-कारनॅक यांची नेमणूक झाली.

८/
पूर्वी हा कापूस बैलांच्या तांड्यांवर लादून मिर्झापूरपर्यंत जाई आणि तेथून गंगेच्या पात्रातून पुढे. वाट महिन्यांची होती. ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वेची भुसावळ-नागपूर वाट १८६७ मध्ये नागपूरला पोचली. तिच्यावर अकोला होते, मूर्तिजापूर होते, बडनेरा होते. १८७० मध्ये खामगावच्या कापूसबाजारासाठी खास फाटा निघाला आणि त्याच्या उद्घाटनाला व्हाइसरॉय लॉर्ड मेयो स्वतः आले. रूळ कापसाच्या बाजारांना जोडत गेले. मात्र रूळ दोन्ही दिशांना वाहतात, ही गोष्ट पुढे फार महत्त्वाची ठरली.

९/
कापसाने समृद्धी आणली, हे नाकारता येत नाही. अमरावती-अकोल्याच्या पेठा, जिनिंग-प्रेसिंगचे कारखाने, शाळा आणि वकिलांचा नवा वर्ग हे सारे त्या पैशातून उभे राहिले. परंतु सारा आता रोखीत भरायचा होता आणि रोख कापसातून येत होती. पेरणीसाठी कर्ज, कर्जासाठी गहाणखत. इतिहासकार लक्ष्मण सत्या यांनी वऱ्हाडातील कापूस आणि दुष्काळ यांवरच्या १९९७ च्या ग्रंथात दाखवले आहे, की या चार दशकांत धान्याची गावपातळीवरील साठवण आणि तिच्याभोवतीची व्यवस्था ढासळत गेली. पेवात ठेवायला दाणा उरेना. साठवण गावातून उठून व्यापाऱ्याच्या कोठारात गेली.

१०/
पहिला तडाखा १८९६-९७ मध्ये बसला. त्या दुष्काळाच्या आणि प्लेगच्या सावटाखालीच डिसेंबर १८९७ मध्ये काँग्रेसचे तेरावे अधिवेशन अमरावतीत भरले. सी. शंकरन नायर अध्यक्ष होते आणि स्वागताची धुरा दादासाहेब खापर्डे यांच्याकडे होती. कापसाच्या पैशावर वाढलेल्या शहराने राष्ट्रीय राजकारणाला यजमानपद दिले, त्याच सुमारास भोवतालच्या खेड्यांत घरातील किडूकमिडूक विकले जात होते. अनेक कुटुंबांनी पहिल्या दुष्काळात आपली सारी शिल्लक वापरून टाकली. दुसरा दुष्काळ दोनच वर्षांनी आला, तेव्हा विकायला फारसे काही राहिले नव्हते.

११/
१८९९ चा पावसाळा देशाच्या मोठ्या भागात फसला आणि वऱ्हाडात तर खरीप आणि रब्बी दोन्ही हातचे गेले. कापूस गेला म्हणून रोख नाही. ज्वारी गेली म्हणून भाकर नाही. कडबा गेला म्हणून बैल नाही. बैल मेला की पुढच्या वर्षीची पेरणीही मरते. जिन बंद, वेचणी बंद, निंदणी बंद. म्हणजे मजुरी बंद. प्रलयाच्या खेळांत एखाद्या स्फोटाने सारे एका क्षणात संपते. वऱ्हाडातील प्रलय असा एकेक कडी तुटत, महिन्यामागून महिना आला.

१२/
प्रथम पाणी. पूर्णेच्या दोन्ही काठांवर, अमरावती-अकोल्यापासून बुलढाण्यापर्यंत, खारपाणपट्टा पसरला आहे. दर्यापूर, भातकुली, अकोट, तेल्हारा, बाळापूर या भागांतील कितीतरी गावांत विहीर खोदली तर लागते ते खारे पाणी. आजही तेथे गोड्या पाण्याचा प्रश्न मिटलेला नाही. अशा गावांचा जीव पावसाच्या साठवलेल्या पाण्यात, तळ्यात आणि नदीच्या झिऱ्यांत असतो. पाऊस गेला की तळे आटते, नदीच्या वाळूत खड्डा करून वाटी-वाटीने पाणी भरावे लागते. विहिरीत पाणी दिसते, पण ते पिता येत नाही. एकाच घटात माणूस, गुरे आणि साथीचे रोग वाटेकरी होतात.

१३/
मग अन्न. दुष्काळात काय खाता येते, याचे ज्ञान हेच खरे भांडवल होते आणि ते प्रामुख्याने स्त्रियांकडे होते. तरोटा, घोळ, पाथरी, अंबाडी यांसारख्या भाज्या; उंबराची फळे; मिळालीच तर मूठभर ज्वारीच्या कण्या भरपूर पाण्यात शिजवून केलेली पातळ आंबील. मेळघाटात कोरकूंच्या आहारात मोहफुलांना मोठे स्थान होते. ती वाळवून ठेवता येतात आणि उन्हाळ्याच्या तोंडावर, नेमकी धान्य संपण्याच्या वेळी, झाडाखाली पडतात. कोणता कंद उकडून खायचा आणि कोणत्याचे पाणी अनेकदा टाकायचे, हे चुकले तर जीव जाई. अर्थात पाऊसच नसेल तर रानभाजीही उगवत नाही; ज्ञानालाही ओलावा लागतो.

१४/
येथे ‘खुले जग’ ही कल्पना अडखळते. खेळात नकाशावरचा प्रत्येक डोंगर चढता येतो. वऱ्हाडात १८६० च्या दशकापासून मेळघाटच्या जंगलाचा मोठा भाग सागासाठी राखीव होऊ लागला आणि पुढे वन कायद्याने ही कुंपणे पक्की झाली. चराई, फिरती शेती, लाकूडफाटा, रानमेवा या साऱ्यांवर परवाने आणि दंड आले. टंचाई जाहीर झाल्यावर चराईसाठी व वनोपजासाठी जंगल खुले करण्याची तरतूद असे. परंतु तोवर अनेक वर्षे तेथील माणूस स्वतःच्या रानात अपराधी ठरत आलेला होता. १९०१ च्या जनगणनेत मेळघाटची घट ठळकपणे दिसून आली.

१५/
मग चलन. ‘फॉलआउट’च्या जगात शीतपेयांच्या बाटल्यांची झाकणे पैसा म्हणून चालतात. वऱ्हाडातील कुटुंबाचे अखेरचे चलन होते चांदीचे वाळे-गोठ, पितळेची भांडी, बैलजोडी आणि सरतेशेवटी जमीन. विक्रीचा क्रम जवळजवळ ठरलेला असे. ज्याच्यावाचून पुढील वर्षी निभावता येईल ते आधी जाई. ज्याच्यावर पुढील पेरणी अवलंबून ते शेवटी. पण सारे गाव एकाच आठवड्यात भांडी विकायला निघाले की भांड्यांचा भाव कोसळतो, आणि त्याच आठवड्यात ज्वारीचा भाव चढलेला असतो. दोन्ही बाजूंनी गरीब कापला जातो. बैल उपाशी मरण्याआधी मिळेल त्या किमतीला जातो. घर सोडणे ही शेवटची पायरी.

१६/
सर्वांत कठीण सत्य पुढे आहे. धान्य संपलेले नव्हते. माईक डेव्हिस यांनी दिलेल्या आकड्यानुसार १८९९-१९०० च्या दुष्काळात वऱ्हाडातून कापसाच्या हजारो गाठींबरोबर ७,४७,००० बुशेल धान्य बाहेर गेले. म्हणजे अदमासे वीस हजार टन. रेल्वेने धान्य येऊ शकत होते, तसे जातही होते, आणि ते जेथे भाव चढा असेल तेथे जात होते. उपाशी माणसाकडे भूक होती, रोख नव्हती. बाजार फक्त रोख ओळखतो. अमर्त्य सेन यांनी १९८१ मध्ये बंगालच्या दुष्काळाचा अभ्यास करून हाच सिद्धान्त मांडला : अन्न असणे आणि अन्नावर हक्क असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

१७/
मराठी परंपरेने या प्रश्नाचे उत्तर फार पूर्वी एका कथेत देऊन ठेवले होते. मंगळवेढ्याच्या दामाजीपंतांनी दुष्काळात बादशाही कोठार रयतेसाठी खुले केले आणि शिक्षा ओढवून घेतली. मग विठ्ठलाने महाराच्या रूपात येऊन भरपाई केली, असे ती कथा सांगते. कथेचा नैतिक पेच नेमका आहे : कोठार भरलेले, दार बंद, आणि किल्ली ज्याच्या हाती तो नोकर. १९०० सालच्या वऱ्हाडात किल्ली अनेकांच्या हाती विभागली गेली होती. व्यापारी, सावकार, रेल्वे, सरकार. आणि प्रत्येकाजवळ ती न फिरवण्याचे नियमबद्ध कारण होते.

१८/
सरकारने काहीच केले नाही, असे म्हणणे चूक ठरेल. रिचर्ड स्ट्रेची यांच्या अध्यक्षतेखालील १८८० च्या दुष्काळ आयोगानंतर ‘दुष्काळ संहिता’ तयार झाल्या होत्या. त्यानुसार मदतकामे निघाली, अन्नछत्रे आणि अनाथालये-गरीबखाने उघडले. बहुतेक कामे खडी फोडण्याची, रस्त्याची आणि तळ्यांची. मात्र संहितेच्या मुळाशी संशय होता. काम कष्टाचे आणि मजुरी जेमतेम जगण्यापुरती असावी, म्हणजे खरोखर भुकेला तोच येईल, असा तो हिशेब. व्हाइसरॉय कर्झन यांनीही सढळ दानामुळे रयतेची स्वावलंबनाची वृत्ती खचेल, अशी चिंता उघडपणे व्यक्त केली होती.

१९/
या परीक्षेत एक विसंगती अंगभूत होती. ज्याच्या अंगात खडी फोडण्याइतके बळ शिल्लक आहे, तोच मजुरी मिळवू शकतो. आणि ज्याला मदतीची गरज सर्वाधिक, त्याच्या हातून नेमून दिलेले काम पुरे होत नाही. शिवाय छावणीत हजारो माणसे एकत्र येत. पाण्याचा साठा एक, स्वच्छतेची सोय अपुरी. १९०० च्या उन्हाळ्यात पटकीने अशा गर्दीला गाठले. घरी राहिले तर उपासमार, कामावर गेले तर पटकी. दोहोंतील निवड कुटुंबप्रमुखाला दर आठवड्याला करावी लागे. तरीही हे विसरता येत नाही, की असंख्य माणसे या मदतकामांमुळेच वाचली.

२०/
पाऊस आला की संकट संपते, हा समज वऱ्हाडच्या नोंदी खोडून काढतात. लोकसंख्याशास्त्रज्ञ टिम डायसन यांनी येथील जन्म-मृत्यूच्या नोंदींचा बारकाईने अभ्यास केला. दुष्काळातील मृत्यूंची मोठी लाट अनेकदा पाऊस परतल्यानंतर येते. डबकी साचतात, डास होतात, आणि महिनोन्महिने उपाशी राहिलेल्या शरीराला हिवतापाचा पहिला झटकाही सोसवत नाही. शेतात पीक डोलू लागलेले आणि ते कापायला उठण्याचे बळ नाही, अशी ही अवस्था. १९०० सालच्या मृत्युदराने मोजल्यास वऱ्हाडात जन्मवेळचे सरासरी आयुर्मान दहा वर्षांच्याही खाली गेले होते.

२१/
मग जगले कोण? जमीन आणि धान्य दोन्ही राखून असलेली घरे जगली. काहींनी तर याच काळात शेजाऱ्याची जमीन स्वस्तात घेतली. भूमिहीन मजूर, गावकुसाबाहेरच्या वस्त्या आणि डोंगरातील कोरकू यांच्याजवळ संकटाच्या आडचे भांडवल सर्वांत थोडे होते. लहान मुले आणि वृद्ध आधी गेले. भारतातील दुष्काळांच्या नोंदींत एक गोष्ट वारंवार आढळते : प्रौढ स्त्रियांपेक्षा पुरुषांचे मृत्यू प्रमाणाने अधिक असतात. आणि दुष्काळाच्या साधारण नऊ महिन्यांनंतर जन्मांची संख्या झपाट्याने घसरते. जी बाळे जन्मलीच नाहीत, त्यांचीही गणती या हानीत करावी लागते.

२२/
खेळातील एकांडा शिलेदार येथे उपयोगी पडला नसता. एकट्या माणसाला मोहफुलांचे झाड कोणी दाखवत नाही, उधार ज्वारी कोणी देत नाही, ताप आल्यावर पाणी कोणी पाजत नाही. माहेरची वाट, भावकी, एका गावातून दुसऱ्या गावी पोचणारी कामाची बातमी, अन्नछत्र चालवणारा कोणी सज्जन : जगण्याची साधने ही अशी होती. कुटुंब फुटले की त्यातला प्रत्येक जण अधिक वेगाने संपे. म्हणूनच छावणीच्या वाटेवर हरवलेले मूल ही केवळ भावनेची गोष्ट राहत नाही. त्या काळच्या हिशेबात तो जवळजवळ निश्चित मृत्यू होता.

२३/
या वर्षातून तगलेली दोन नावे सर्वांना परिचित आहेत. शेंडगाव (जि. अमरावती) येथे १८७६ मध्ये जन्मलेला डेबूजी दुष्काळाच्या वेळी तेविशीचा शेतकरी होता, मूर्तिजापूरजवळच्या दापुरीत मामाच्या घरी. सावकाराने जमिनीवर आणलेली जप्ती त्याने तेथेच अनुभवली. १९०५ मध्ये घर सोडून तो गाडगे महाराज झाला. पुढे धर्मशाळा आणि अन्नछत्रे उभारणे हेच त्याचे कीर्तन ठरले. पूर्णेकाठी ऋणमोचन येथे त्यांनी घाट बांधवला. दुसरे नाव पंजाबराव देशमुख यांचे. २७ डिसेंबर १८९८ रोजी पापळ येथे जन्मलेले हे बालक छप्पन्नच्या सालात जेमतेम वर्षाचे होते. १९३० च्या दशकारंभी मंत्री असताना कर्ज लवाद कायदा त्यांनी पुढे नेला.

२४/
राज्याच्या बाजूने धडा शिकायला बराच काळ लागला. १९७२ च्या दुष्काळातही महाराष्ट्रातील लाखो हात खडी फोडत होते, सुकडी आणि तांबडा मिलो खात होते. फरक पुढे पडला. वि. स. पागे यांच्या आग्रहातून आलेल्या रोजगार हमी योजनेला १९७७ मध्ये कायद्याचे रूप मिळाले आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो अमलात आला. खडी तीच, घण तोच. पण १९०० मध्ये काम हे भुकेची परीक्षा होते, आता ते मागण्याचा अधिकार झाले. २००५ च्या राष्ट्रीय कायद्याचे मूळ या महाराष्ट्री प्रयोगात आहे.

२५/
कापूस आणि कर्ज यांची गाठ मात्र सुटली नाही. २००६ मध्ये शेतकरी आत्महत्यांच्या पार्श्वभूमीवर पंतप्रधानांनी विदर्भातील सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटी रुपयांचे पॅकेज जाहीर केले. त्यांतील अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलढाणा आणि वाशीम हे पाच जिल्हे जुन्या वऱ्हाडचेच. आज उपासमारीने गाव ओस पडत नाही. परंतु पाऊस, भाव आणि देणे या तिघांपैकी एकावरही शेतकऱ्याचा ताबा नसणे, हे त्याच इतिहासाचे चालू पान आहे.

२६/
शेवटी एक कागद. वऱ्हाडात जन्म-मृत्यूची नोंद गावपातळीवर ज्या वहीत होई, तिला आपण ‘कोतवाल बुक’ म्हणतो. जातीच्या दाखल्यासाठी पणजोबांची नोंद शोधायला आजही कितीतरी घरांतील मुले तहसील कार्यालयात त्या वहीची नक्कल मागतात. जेथे १९०० सालची पाने शाबूत असतील, तेथे नेहमीपेक्षा अधिक ओळी भरलेल्या सापडतील, आणि मृत्यूच्या कारणाच्या रकान्यात बहुधा ‘ताप’ हा एकच शब्द; कारण त्या रकान्यात भूक क्वचितच लिहिली जाई. आपल्याला हवी असते एक ओळ. नक्कल हाती आल्यावर तिच्या वरच्या आणि खालच्या ओळीही एकदा वाचाव्यात.